दोन झटके म्हणजे दुखापत

२८ जानेवारी, बुधवार

ही डायरी टायरच्या कंपनीची आहे आणि गेल्या वर्षीची आहे, म्हणजे रोज वार खोडून लिहावा लागणार. मावशीला तिच्या टीव्ही चॅनलवर फुकट मिळाली होती. मला देताना म्हणाली, तोंड उघडत नाहीस तर निदान लिहीत जा, नाहीतर एक दिवस कुकरसारखी उडशील.

तर लिहिते. आज मला कुणाला तरी चावावंसं वाटतंय.

चॅनलवर नवी आली. आधी पोहायची म्हणे, कसलंतरी पदक आहे तिच्याकडे, आणि दात टूथपेस्टच्या जाहिरातीतले. साहेबांनी सगळ्यांसमोर तिची ओळख करून दिली आणि हसत हसत सांगितलं की या मोसमात साइडलाइनला दोघी राहतील, एक मैदानाच्या या बाजूला, एक त्या बाजूला. फायनलला मात्र एकच. कोण ते नंतर बघू. 'नंतर बघू' म्हणताना ते मावशीकडे बघत नव्हते, पंख्याकडे बघत होते.

मावशी सतरा वर्षं मैदानाच्या कडेला उभी आहे. टीव्हीवर फुटबॉलची मॅच लागते तेव्हा वर काचेच्या खोलीत बसलेले दोघं बडबड करत असतात आणि मध्येच म्हणतात, चला, खाली काय चाललंय बघू. ते खाली म्हणजे माझी मावशी. तिला वीस सेकंद मिळतात, कधी पंधराच. तेवढ्यात कुणाचा गुडघा गेला, कोच का तापलाय, कोण आत येणार, सगळं सांगायचं. सतरा वर्षांत तिने एकही फायनल चुकवलेली नाही. अंगात ताप होता तेव्हाही नाही.

आणि साहेब म्हणतात, बघू.

यावर मावशी काय म्हणाली? 'छान.' बस्स. घरी येताना बसमध्ये मी तिच्याशी एक शब्द बोलले नाही. तिच्या लक्षातही आलं नाही, कारण मी तशीही बोलत नाही. मी रागावले तरी कुणाला कळतच नाही, हे एक माझं मोठं दुखणं आहे.

१ फेब्रुवारी, रविवार

महिन्याच्या पहिल्या रविवारी मावशी तिच्या मित्राकडे जाते. दोन बस बदलून, डझनभर केळी घेऊन. आई म्हणते, इतकी वर्षं जातेस तर लग्न तरी करायचंस, नुसती केळी काय नेतेस. मावशी हसण्यावारी नेते. आज मलाही नेलं, कारण आईचं मत आहे की मी घरात बसून कुजतेय.

मित्र उंच आहे, केस बारीक कापलेले, बोलायला गोड. घरात तो आणि त्याची म्हातारी आई. दारात फुटबॉलचे बूट ठेवलेले, चकाचक पॉलिश केलेले. उलटे करून पाहिले तर तळाला मातीचा एक कण नाही. आम्ही कॅरम खेळलो. त्याचा नेम मस्त आहे. मग त्याने विचारलं, 'तू कोणाची गं?' मी हळूच म्हटलं, हिची भाची. 'हो का,' म्हणाला. दोन सोंगट्या घातल्या आणि पुन्हा, 'तू कोणाची गं?' मला वाटलं, ऐकू गेलं नसेल. पुन्हा सांगितलं. चौथ्यांदा विचारलं तेव्हा कळलं, हा माझी मजा घेतोय. नऊ वेळा विचारलं त्याने. मी मोजलं. पाचव्यानंतर मी उत्तरच दिलं नाही.

शाळेत हेच चालायचं. नाव सांग. ऐकू नाही आलं. पुन्हा सांग. मोठ्याने. आणि मागे अख्खा वर्ग खुदुखुदु. नववीत असताना बाईंनी एकदा सहा वेळा उभं करून नाव सांगायला लावलं. सातव्या वेळी मी दप्तर उचललं, घरी आले, ती पुन्हा गेलेच नाही. आई ओरडली, रडली, हात जोडले तिने. शेवटी मावशी म्हणाली, पाठव माझ्याबरोबर. मैदानावर इतका गोंगाट असतो की हिच्या गप्प बसण्याचा कुणाला त्रास होणार नाही.

मित्राचा राग आला. मावशीचा त्याहून जास्त. ती समोर बसून सगळं ऐकत होती आणि त्याला गप्प बस म्हणाली नाही. उलट मी बोलेनाशी झाल्यावर दर वेळी तीच सांगत राहिली, 'माझ्या बहिणीची मुलगी आहे,' जसं काही पहिल्यांदाच विचारलंय.

७ फेब्रुवारी, शनिवार

मॅचच्या आधी नवीने मला विचारलं, तू इथे नक्की काय करतेस? मी म्हटलं, केबल. ती म्हणाली, अगं पण माझा माईक वायरलेस आहे. जशी काही मी तिच्याकडे नोकरी मागायला गेले होते.

तिला सांगायला हवं होतं ते इथे लिहिते. मावशीचा माईक अजून वायरचा आहे, कारण दुसरा ऐन वेळी खरखरतो. मी दोन्ही संघांच्या बाकांच्या मध्ये पाण्याच्या खोक्यावर बसते. मांडीवर वही, हातात केबल. पहिल्याच दिवशी मावशीने सांगितलं होतं, 'चेंडूकडे सगळं जग बघतंय. तू बाकाकडे बघ.' कोण बूट आवळतोय, कुणाच्या मांडीला पट्टी चढतेय, कोच कुणाची नजर चुकवतोय. ते मिनिट टाकून वहीत लिहायचं. मावशीच्या एका कानात व्हॅन असते, म्हणजे स्टेडियमबाहेरच्या गाडीत बसलेला डायरेक्टर. दुसऱ्या कानात पब्लिकचा आरडाओरडा. तिला हाक मारून उपयोग नाही आणि मी काही मारणारही नाही. म्हणून केबल. एक झटका म्हणजे कुणीतरी आत येतोय. दोन झटके म्हणजे दुखापत. तीन म्हणजे भांडण. झटका बसला की ती वळून वही बघते आणि कॅमेऱ्यासमोर हात वर करते. हात वर म्हणजे व्हॅनला इशारा, माझ्याकडे बातमी आहे, मला घ्या. हे आमचं दोघींचं. कुठल्या कोर्सात शिकवत नाहीत.

आणि एक नियम आहे. पांढऱ्या रेषेच्या आत पाऊल टाकायचं नाही आणि मॅच चालू असताना पंच, कोच, डॉक्टर, कुणाशीही बोलायचं नाही. बघायचं आणि सांगायचं, ढवळायचं नाही. नियम मोडला की पास जातो, मग तुम्ही कितीही वर्षांचे असा.

आमचे कॅमेरामन लंबूकाका मला घुबड म्हणतात, कारण मी नुसती टक लावून बघते. रोज विचारतात, 'काय घुबड, आज किती शब्द खर्च झाले?' आज एकच झाला. तोही नवीवर वाया गेला.

मॅचच्या आधी ती बाथरूममध्ये ओकत होती. नाटकं सगळी.

१५ फेब्रुवारी, रविवार

तळपायाची आग मस्तकात म्हणतात ते आज कळलं.

वाळलेले कपडे आणायला गच्चीवर गेले. आईचं इस्त्रीचं दुकान खालीच आहे, कपड्यांचं काम कधी संपत नाही. वर बघते तर मावशी आणि नवी. नवीच्या हातात आमच्या स्वयंपाकघरातला डाव, माईकसारखा धरलेला. आणि मावशी तिला शिकवतेय. माझी मावशी, जी मला म्हणाली होती की रविवारी पाय दुखतात, जरा पडते.

'पहिलं वाक्य माणसाबद्दल,' मावशी सांगत होती. 'चेंडूबद्दल नाही, स्कोअरबद्दल नाही. स्कोअर कोपऱ्यात लिहिलेला असतो.' नवी चुकली, पुन्हा बोलली, पुन्हा चुकली. मावशी न चिडता पुन्हा पुन्हा. मग नवी म्हणाली, ताई, मला तिथे उभं राहिलं की पोटात गोळा येतो. मावशी म्हणाली, मलाही येतो अजून, यायचा थांबला की सोडून दे हे काम.

ज्या फांदीवर बसलोय तीच कापायची, आणि वर कुऱ्हाडीला धार लावून द्यायची. मी कपडे न घेताच खाली आले. आईने विचारलं कपडे कुठायत. मी म्हटलं, ओले आहेत. संध्याकाळपर्यंत ओलेच राहिले.

२८ फेब्रुवारी, शनिवार

क्रमाने लिहिते, नाहीतर जमणार नाही.

सेमीफायनल. आपल्या संघाच्या गोलकीपरला सगळे भिंत म्हणतात. एकावन्नाव्या मिनिटाला आपल्या संघाचा तिसरा बदली खेळाडू आत गेला. या स्पर्धेत तीनच चालतात, म्हणजे बदली संपले. मी वहीत खाली रेघ मारली. अठ्ठावन्नाव्या मिनिटाला उंच चेंडू आला, भिंत उडी मारून घ्यायला गेला आणि समोरच्या पोराचा गुडघा त्याच्या कानाच्या वर बसला. आवाज मला खोक्यावर ऐकू आला. डॉक्टर धावले, त्याला रेषेबाहेर आणून पाणी मारलं. माझ्यापासून चार हातांवर.

भिंत म्हणाला, 'स्कोअर किती?' डॉक्टर म्हणाले, एक-एक. त्याने मान हलवली. तोंडावरून पाणी पुसलं आणि म्हणाला, 'स्कोअर किती?' डॉक्टर कोचकडे बघत होते. कोचने आत पाठव अशी खूण केली. भिंत उठला, दोन पावलं चालला, ती समोरच्यांच्या गोलकडे. एका खेळाडूने त्याला खांद्याला धरून वळवलं. पब्लिक हसलं. वर काचेतले दोघंही हसले असणार. भिंतने वळून डॉक्टरांना तिसऱ्यांदा विचारलं, 'स्कोअर किती?' आणि गोलमध्ये जाऊन उभा राहिला.

मी दोन झटके दिले. इतके जोरात की मावशीच्या हातून माईक निसटत होता. तिने वही वाचली. मी तोंडानेही म्हटलं, तीनदा विचारलं. माझा आवाज मलाच ओळखता आला नाही.

तिने हात वर केला. लंबूकाकांनी कॅमेरा फिरवला, व्हॅनने तिला घेतलं, लाल दिवा लागला. सतरा वर्षांतली सगळ्यात मोठी बातमी. नवीला काय, कुणालाच ठाऊक नव्हती. फायनल तिथेच मावशीच्या खिशात होती.

आणि तिने माईक गवतावर ठेवला.

खरंच ठेवला. हळू, जसं झोपलेलं मूल ठेवतात तसा. आणि पांढरी रेषा ओलांडून गेली चौथ्या पंचाकडे, म्हणजे जो एरवी दोन्ही बाकांच्या मध्ये पाटी घेऊन उभा असतो आणि तेव्हा भिंतला आत सोडून परत येत होता त्याच्याकडे. त्याचा दंड धरला. डॉक्टर मध्ये पडले तर त्यांच्यावर ओरडली. मावशीला ओरडताना मी पहिल्यांदा पाहिलं. मॅच थांबली. मोठ्या पंचांनी भिंतला जवळ घेऊन काहीतरी विचारलं, त्याचं उत्तर ऐकलं आणि सरळ बाहेर काढलं. बदली संपले होते. बॅकवाला गोलमध्ये उभा राहिला. आपण एक-तीन हरलो.

आणि टीव्हीवर काय दिसलं? गवत. आठ सेकंद नुसतं गवत आणि त्यावर पडलेला माईक. मग व्हॅनने पलीकडे नवीला घेतलं. तिने सांगितलं, गोलकीपरला बाहेर नेलंय, कारण कळल्याशिवाय मी काही बोलणार नाही. मिळाली तिला माझी बातमी. आयत्या बिळावर नागोबा.

मावशीचा पास तिथेच काढून घेतला. मी केबल गुंडाळली. बातमी मी दिली होती. सांगितली का नाही तिने? वीस सेकंद तर होते.

१ मार्च, रविवार

मला वाटलं होतं, आज ती साहेबांच्या घरी जाऊन माफी मागेल. ती केळी घेऊन निघाली. मलाही चल म्हणाली. मी भांडायला म्हणून गेले, पण बसमध्ये लोक मावशीला ओळखून कुजबुजत होते. एक माणूस मोठ्याने म्हणाला, ती बघ गवताची मुलाखत घेणारी. मग मी तिच्या शेजारी चिकटून बसले आणि त्या माणसाकडे घुबडासारखी बघत राहिले, तो उतरेपर्यंत.

मित्राने दार उघडलं. 'तू कोणाची गं?'

डोकं फिरलं. मी आतच गेले नाही, पायरीवर बसले. त्याची म्हातारी आई चहा घेऊन माझ्याशेजारी येऊन बसली. तिला कालचं कळलं होतं. म्हणाली, 'तुझ्या मावशीला बरं वाटलं असेल काल.' मला वाटलं, म्हातारीचं डोकं चळलंय. मग तिने सांगितलं की तिचा मुलगाही खेळायचा, डाव्या पायाचा, नाव होतं त्याचं. 'त्याला लागलं तेव्हा तुझी मावशी तिथेच होती. नवीन होती कामावर. तिनेच पहिल्यांदा सांगितलं टीव्हीवर, की याला धड उभं राहता येत नाहीये. अख्ख्या जगाच्या आधी. कौतुक झालं तिचं. नंतर वीस मिनिटं खेळला तो.'

बघा. म्हणजे तेव्हा दम होता हिच्यात. पहिल्याच वर्षी सगळ्यांच्या आधी सांगून टाकलं. सतराव्या वर्षी हातपाय गळाले.

मी चहा तसाच ठेवला.

५ मार्च, गुरुवार

दुकानाच्या फळीवर कुणीतरी खडूने लिहून गेलं, फायनल खाल्ली. आईने ओल्या फडक्याने पुसलं आणि मावशीला म्हणाली, हात दाखवून अवलक्षण ते हेच, आता बस घरी. मावशी म्हणाली, बसलेच आहे. आई रडली आणि मग दोघी एकाच चादरीची दोन टोकं धरून घडी घालू लागल्या. या दोघींना नीट भांडताही येत नाही.

चॅनलचं पत्र आलंय. आईने वाचलं, मला दाखवलं नाही. त्यावर सही केली की पास परत मिळणार, फायनलही मिळेल कदाचित. मावशी सही करत नाही. मी शेवटी बोलले. म्हटलं, 'कर ना सही. काय जातं तुझं?'

'माझं नाही जात,' म्हणाली.

मग झालं तर. यात अडलं कुठे?

दुपारी एक बाई आली. कपडे नाहीत, हातात मोठं खाकी पाकीट, त्यातून एक्स-रेसारखी काळी फिल्म बाहेर आलेली. मावशीला विचारलं. मला वाटलं भांडायला आली, म्हणून मी गरम इस्त्री हातातच ठेवली. ती वर दहा मिनिटं होती. खाली आली तेव्हा डोळे लाल. मला म्हणाली, 'वही तूच लिहितेस ना?' आणि माझ्या गालाला हात लावला. ओळख ना पाळख. मी मान मागे घेतली. मावशीला विचारलं कोण होती. म्हणाली, 'नाव सांगायचं नाही असं वचन दिलंय.' म्हणजे हिची आणखी एक मैत्रीण. रडक्या लोकांची हिला काही कमी नाही.

९ मार्च, सोमवार

पत्र सापडलं. गाद्यांच्या खाली होतं.

अवघड भाषेत आहे पण मला वाचता येतं. मी शाळा सोडली, अक्षरं नाही सोडली. त्यात लिहिलंय: 'माझ्या सहाय्यक मुलीने दिलेल्या चुकीच्या व अतिरंजित माहितीमुळे माझा गैरसमज झाला, तरी सदर सहाय्यकास यापुढे मैदानावर आणणार नाही.'

चुकीच्या. चुकीच्या. चुकीच्या.

चार हातांवर होते मी. तीन वेळा. वहीत मिनिट आहे. आणि मी तिला म्हटलं, कर सही, काय जातं तुझं.

मला स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटली. पण आधी साहेबांच्या.

१० मार्च, मंगळवार

मावशीला चॅनलवर बोलावलं होतं. मी मागोमाग गेले. लिफ्टमध्ये ती म्हणाली, तू बाहेर थांब. मी थांबले नाही.

खोलीत साहेब, एक कागदपत्रंवाली बाई आणि क्लबचा माणूस. तो म्हणाला, आमच्या गोलकीपरच्या मानेत नुसती लचक भरलीये, चार दिवसांत फिरायला लागेल, यांनी उगाच तमाशा केला. साहेब म्हणाले, तुमच्याकडे काही पुरावा असेल तर दाखवा. ती म्हणाली, 'मला माहीत आहे. पण मला सांगता येणार नाही.' माझा नुसता जळफळाट. माहीत आहे तर सांग ना बाई. सतरा वर्षं सांगायचाच तर पगार घेतलास.

मी वही टेबलावर ठेवली. साहेबांनी दोन बोटांनी उघडली, जशी काही चिकट आहे. वाचलं. म्हणाले, तीनदा विचारलं असेल, खेळाडू आहे, गंमत केली असेल.

कानात बाईंचा आवाज, ऐकू नाही आलं, मोठ्याने. मी टेबलाची कड दोन्ही हातांनी धरली.

'गंमत करणारा उत्तर ऐकून हसतो,' मी म्हटलं. 'तो ऐकत होता आणि घाबरत होता. मी चार हातांवर होते. तुम्ही कुठे होतात?'

लंबूकाकांनी मोजले असते तर अठरा शब्द भरले असते. मला वाटलं होतं, बोललं की जग बदलतं. नाही बदलत. साहेबांनी वही मिटली आणि पत्र मावशीपुढे सरकवलं, पेनासकट.

मावशी म्हणाली, 'यातलं एक वाक्य खोटं आहे. ते काढा, बाकी सगळ्यावर सही करते. रेषा ओलांडली, माईक ठेवला, डॉक्टरांवर ओरडले, सगळं कबूल.'

साहेब म्हणाले, तेच वाक्य तर लागणार आहे.

'मग राहू दे,' म्हणाली आणि उठली. सतरा वर्षं, आणि निघताना तिने कुणाकडून काय घेतलं? टेबलावरची माझी वही. तेवढंच.

११ मार्च, बुधवार

विचारलं मी. इस्त्रीचे कपडे मोजता मोजता, तिच्याकडे न बघता. टीव्हीवर का नाही सांगितलंस?

तिने हातातल्या शर्टाची कॉलर सरळ केली. मग म्हणाली, 'टीव्हीवर सांगितलं असतं तर काय झालं असतं? पुन्हा पुन्हा दाखवलं असतं. वरचे दोघं हळहळले असते. आणि तो गोलमध्येच उभा राहिला असता. मागे एकदा मी सगळ्या जगाला सांगितलं होतं. जवळ उभ्या डॉक्टरला सोडून.'

'नियम होता ना,' मी म्हटलं.

'होता,' म्हणाली. 'मी पाळला.'

मग तिने एक शर्ट करपवला. डोक्यात बूट फिरत होते, पॉलिश केलेले, तळाला मातीचा कण नसलेले. आणि नऊ वेळा. मी मोजलेले नऊ.

१७ मार्च, मंगळवार

नवी घरी आली. फायनल तिला मिळाली. मला वाटलं, पेढे द्यायला आली की काय. तिने सरळ मला विचारलं, येशील का? साहेबांना तिने सांगितलंय म्हणे, केबलवाली नसेल तर मी उभी राहणार नाही. मी म्हटलं, तुमचा वायरलेस आहे. ती म्हणाली, माहितीये.

मी नाही म्हटलं. दार लावून घेतलं. मावशी आत येऊन म्हणाली, खोक्यावर बसायला दुसरं कुणी नाहीये. राग घेऊन जा बरोबर, राग काही जड नसतो.

जड असतो. तिला काय माहीत. पण जाणार आहे.

२१ मार्च, शनिवार

फायनल. खोकं, वही, केबल. केबलचं एक टोक माझ्या हातात, दुसरं नवीच्या पट्ट्याला बांधलेलं. माईकला नाही, कशालाच नाही. लंबूकाका म्हणाले, घुबड, ही म्हणजे म्हैस बांधल्यासारखी दिसतेय. मी म्हटलं, 'म्हैस बरी, ती ऐकते.' ते इतके चकित झाले की मोजायचेच विसरले.

क्लबचा माणूस माझ्याकडे बघून गेला. आपला हरलेला संघही मॅच बघायला आला होता, त्यात भिंत नव्हता. चार दिवसांत फिरणार होता ना तो? तीन आठवडे झाले. कुणी विचारलं नाही. मला ते खाकी पाकीट आठवलं, त्यातली काळी फिल्म, लाल डोळे, आणि मी मागे घेतलेली मान. एकदम हातातली पेन्सिल मोडली.

सत्तराव्या मिनिटाला एका संघाचा खेळाडू चेंडू नसताना मांडी धरून वाकला. बाकावर कुणाचं लक्ष नव्हतं. दोन झटके. नवी वळली, वही वाचली. व्हॅन तिच्या कानात ओरडत असणार. तिने हात वर केला नाही. आधी त्यांच्या डॉक्टरसमोर जाऊन उभी राहिली, रेषेच्या बाहेरच, आणि नुसतं त्या खेळाडूकडे बोट दाखवलं. डॉक्टर उठले तेव्हा कुठे तिने कॅमेऱ्यासमोर हात वर केला. पहिलं वाक्य माणसाबद्दल बोलली.

डाव आमचाच होता तो, गच्चीवरचा.

घरी आले तर मावशीने दुकानातला छोटा टीव्ही आवाज बंद करून लावलेला. म्हणाली, 'उशीर केला तिने हात वर करायला.' आणि तोंड फिरवून इस्त्री करू लागली. इस्त्री तापलेली नव्हती.

मी अजून चिडलेली आहे. साहेबांवर, क्लबवर, त्या पत्रावर. हे जायचं नाही आणि मला घालवायचंही नाही.

५ एप्रिल, रविवार

या वेळी केळी मी घेतली.

तो दारातच होता, बुटांना फडकं मारत. कॅरम मांडला. मी आधीच ठरवून गेले होते. पावडर टाकली, स्ट्रायकर त्याच्याकडे सरकवला. पहिला फटका मारून त्याने वर बघितलं.

'तू कोणाची गं?'

सांगितलं. हिची भाची. नावही सांगितलं, आईचं सांगितलं, इस्त्रीच्या दुकानाचं सांगितलं. 'हो का,' म्हणाला, छान हसला. सोंगटी गेली. 'तू कोणाची गं?' पुन्हा सांगितलं, तसंच, सगळं. मावशी तोंड उघडणार होती, मी टेबलाखालून तिच्या पदराला एक झटका दिला. तिने केळं सोलायला घेतलं.

आज अकरा वेळा विचारलं. अकराही वेळा सांगितलं. शेवटी शेवटी तर मोठ्याने.